मार्डी ग्राचा राजा : एका सणनामाचे स्थलांतर

न्यूयॉर्कच्या फ्लायशर स्टुडिओने सप्टेंबर १९३५ मध्ये ‘किंग ऑफ द मार्डी ग्रा’ हा पॉपाय-मालिकेतील लघुपट प्रदर्शित केला. जत्रेतील दोन शेजारच्या मंचांवर ब्लूटो व पॉपाय आपापले खेळ मांडतात; ब्लूटो स्वतःस राजा म्हणवितो आणि पॉपाय त्याचे प्रेक्षक आपल्याकडे ओढतो. पुढे ऑलिव्हचे अपहरण, रोलर-कोस्टरवरील पाठलाग व पालकाचा डबा हे सारे मालिकेच्या ठरीव वाटेने जाते. आपल्या दृष्टीने महत्त्वाचा आहे तो आरंभीचा झगडा.

‘मार्डी ग्रा’ म्हणजे फ्रेंचमध्ये ‘स्निग्ध मंगळवार’. राखेच्या बुधवारी सुरू होणाऱ्या उपवासकालाच्या आदला दिवस. गोव्यातील ‘इंत्रुज’ हे नावही पोर्तुगीजमार्गे उपवासकालातील ‘प्रवेश’ दर्शविणाऱ्या लॅटिन शब्दापर्यंत जाते. दोन्ही नावे पंचांगाला बांधलेली आहेत. न्यूयॉर्कमधील कोनी आयलंडवर मात्र १९०३ ते १९५४ या काळात मार्डी ग्रा भरे तो सप्टेंबरात, उन्हाळी हंगाम संपताना! उपवास नाही, मंगळवार नाही; व्यापाऱ्यांना आणखी काही दिवस गर्दी हवी, एवढेच कारण उरले. नाव टिकले, अर्थ गळाला.

राजाचेही तेच झाले. न्यू ऑर्लिन्समध्ये १८७२ पासून मिरविणारा ‘रेक्स’ हा सणापुरता राजा. सण सरला की त्याचे राज्यही सरते. ब्लूटोचे राजेपण अशा कोणत्याच मुदतीवर उभे नाही. ते समोरच्या गर्दीवर उभे आहे, आणि गर्दी शेजारच्या मंचाकडे वळताच ते डळमळते. चित्रपटकारांनी हा सिद्धान्त म्हणून मांडला असेल असे मुळीच नाही. परंतु शहरी जत्रेची रीत त्यांना परिचित होती, हे प्रत्येक दृश्यात जाणवते.

याच लघुपटात पॉपायचा आवाज बदलला, ही गोष्टही नोंदविण्याजोगी आहे. विल्यम कॉस्टेलो याच्या जागी जॅक मर्सर आला. फ्लायशरांकडे संवाद बहुधा चित्रांकनानंतर मुद्रित होत. त्यामुळे पात्राचे ओठ हलोत वा न हलोत, नट मधल्या जागा स्वतःच्या पुटपुटण्याने भरू शके. ती मर्सरची खूण ठरली. ब्लूटो बोलतो तो जत्रेतल्या आरोळीच्या भाषेत, सर्वांना ऐकू जावे म्हणून. पॉपायचे निम्मे बोलणे स्वतःशीच असते, आणि प्रेक्षक कान देतात ते त्यालाच.