इन्युइटांची निवासरचना : परंपरा आणि वर्तमान

मराठी शालेय भूगोलाच्या पुस्तकांतून 'एस्किमो' आणि 'इग्लू' ही जोडी पिढ्यान्‌पिढ्या विद्यार्थ्यांच्या परिचयाची झालेली आहे. या जोडीतील दोन्ही शब्द आज दुरुस्तीस पात्र ठरतात. 'एस्किमो' हे नाव इतरांनी दिलेले असून कॅनडा व ग्रीनलंड येथील लोक स्वतःस 'इन्युइट', म्हणजे 'माणसे', असे म्हणवितात; १९७७ साली स्थापन झालेल्या त्यांच्या ध्रुवप्रदेशीय परिषदेने हेच नाव अधिकृतपणे स्वीकारले. 'इग्लू' या शब्दाची कथा अधिक उद्बोधक आहे. त्यांच्या भाषेत 'इग्लु' म्हणजे केवळ घर. ते हिमाचे असो, मातीचे असो वा लाकडाचे असो. हिमाच्या घरास 'इग्लुविजाक' असे निराळे नाव आहे. एका सामान्यनामाचा असा संकोच झाला, आणि एका विशाल भूभागातील अनेकविध निवासप्रकार एका शुभ्र घुमटाच्या चित्राआड लोपले. हा संकोच केवळ कोशकारांच्या आस्थेचा विषय असता तर त्याची दखल घेण्याचे फारसे कारण नव्हते. परंतु विसाव्या शतकात शासनाने या लोकांसाठी घरे बांधावयास घेतली तेव्हा याच अपुऱ्या चित्राचे परिणाम प्रत्यक्ष जीवनात उमटले.

हिमगृहात सबंध हिवाळा काढण्याची पद्धती मुख्यतः मध्य आर्क्टिक कॅनडातील होय. अलास्कात समुद्राने वाहून आणलेली लाकडे आणि मातीसकट कापलेले तृणाचे थर यांची अर्धवट जमिनीत उतरलेली घरे प्रचलित होती. ग्रीनलंडच्या बहुतेक भागांत दगड व तृणमाती यांची. ज्या मध्य आर्क्टिकमध्ये हिमगृह रूढ झाले तेथेही ते अनादिकालापासून हिवाळ्याचे मुख्य घर नव्हते. क्नुद रासमुसेन याच्या नेतृत्वाखालील पाचव्या थूले मोहिमेत (१९२१-२४) थेर्केल माथियासेन याने नाउयान येथे उत्खनन केले, तेव्हा देवमाशाच्या हाडांची, दगडांची व तृणमातीची पक्की हिवाळी घरे उजेडात आली. त्यांवरूनच 'थूले संस्कृती' ही संज्ञा रूढ झाली. या संस्कृतीचे लोक साधारणतः इसवी सनाच्या अकराव्या ते तेराव्या शतकांच्या दरम्यान अलास्काकडून पूर्वेस पसरले. आजचे इन्युइट हे त्यांचेच वंशज होत. वृक्षहीन प्रदेशात छताची तुळई कशाची करावी, हा प्रश्न त्यांनी बोहेड जातीच्या देवमाशाचे जबडे व फासळ्या वापरून सोडविला होता. मार्टिन फ्रॉबिशर याच्या १५७७ मधील सफरीच्या वृत्तांतात अशा अस्थिगृहांचा उल्लेख आढळतो.

पुढे, सोळाव्या ते अठराव्या शतकांच्या सुमारास, मध्य भागातील ही पक्की घरे मागे पडली. हवामान अधिक थंड झाले, देवमाशाची शिकार घटली, आणि हिवाळ्यात किनारा सोडून गोठलेल्या समुद्रावर राहावे व सीलच्या श्वासविवरांशी टपून बसावे, ही उपजीविका प्रधान झाली. या कारणांचे परस्पर प्रमाण विवाद्य आहे. एवढे मात्र निश्चित की समुद्राच्या बर्फावर हाडांचे घर नेता येत नाही. तेथे हिमाचेच घर शक्य आहे. थूले स्थळांवर हिम कापण्याच्या सुऱ्या सापडल्या आहेत, त्यावरून हिमगृहाची कला पूर्वीपासून अवगत होती, पण बहुधा प्रवासातील तात्पुरत्या निवाऱ्यापुरती, असे अनुमान करता येते. म्हणजे ज्याला आपण 'आदिम' गृहप्रकार समजतो तो, निदान हिवाळ्याचे मुख्य घर या नात्याने, बदललेल्या परिस्थितीस दिलेले तुलनेने अलीकडचे उत्तर होते. परंपरा या शब्दाने स्थितिशीलतेचा बोध होत असेल तर तो शब्द येथे जपून वापरला पाहिजे.

हिमगृहाची रचना मात्र स्वतंत्र विचारास पात्र आहे. विल्यम एडवर्ड पॅरी याने १८२१-२३ च्या सफरीत इग्लूलिक परिसरात पाहिलेल्या हिमगृहांचे सविस्तर वर्णन १८२४ साली प्रसिद्ध केले. फ्रान्झ बोआस याने १८८३-८४ मध्ये बॅफिन बेटावर केलेल्या अभ्यासाचा ग्रंथ १८८८ मध्ये निघाला. त्यात हिमगृहांचे तलविन्यास व छेदचित्रे आहेत. बांधकामाची रीत अशी. प्रथम लांब सळईने टोचून हिमाची परीक्षा केली जाते. वाऱ्याने दाबलेला, शक्यतो एकाच वादळात साचलेला एकजिनसी थर लागतो. थर वेगवेगळ्या वादळांचे असल्यास ठोकळा त्या सांध्यांवर फुटतो. बांधणारा वर्तुळाच्या आत उभा राहून पायाखालच्याच हिमातून ठोकळे कापतो, त्यामुळे भिंत वर चढते तशी जमीनही खाली जाते. पहिली ओळ पूर्ण झाल्यावर तिचा काही भाग उतरता कापून घेतात आणि तेथून ठोकळ्यांची एकच अखंड चढती नागमोड माथ्यापर्यंत जाते. प्रत्येक ठोकळा आत झुकलेला असतो, आणि शेजारचा ठोकळा व खालची ओळ यांच्या आधारावर तो तत्क्षणी स्थिर होतो. म्हणूनच घुमटास आधाराचा साचा लागत नाही. ज्या प्रदेशात साच्यापुरते लाकूडही नाही तेथे ही गोष्ट गौण नव्हे. माथ्याचा शेवटचा ठोकळा आतूनच बाहेर काढून, तासून जागी बसविला जातो. दरम्यान स्त्रिया व मुले बाहेरून भेगांत मऊ हिम भरतात. डग्लस विल्किन्सन याच्या १९४९ च्या कॅनेडियन माहितीपटात दोन पुरुष हे सर्व काम सुमारे दीड तासात पुरे करताना दिसतात.

हा घुमट अर्धगोल असतो, ही दुसरी रूढ चूक. दोन्ही टोकांना धरलेली साखळी स्वतःच्या भाराने जी वक्ररेषा घेते ती उलटी केली असता मिळणाऱ्या आकारास तो अधिक जवळचा असतो. अशा कमानीत सर्वत्र केवळ दाब असतो, ताण नसतो, हे तत्त्व इंग्लंडमध्ये रॉबर्ट हूक याने १६७५ साली कूटाक्षरांत नोंदविले. हिम दाब सोसते, ताण सोसत नाही. शिवाय ते भाराखाली हळूहळू सरकते. चुकीच्या आकाराच्या घुमटास फुगवटा येऊन तो ढासळेल. रिचर्ड हँडी या अभियंत्याने १९७३ मध्ये हिमगृहाचा या दृष्टीने अभ्यास प्रसिद्ध केला. इन्युइट कारागिराने गणित मांडले होते असे कोणी म्हणणार नाही. पण हात व डोळा यांनी पिढ्यांमागून पिढ्या केलेल्या निवडीचे फल गणिताच्या फलाशी जुळले, ही घटना वास्तुविद्येच्या इतिहासात नोंदण्याजोगी आहे.

घराच्या आतील व्यवस्था हे या वास्तूचे खरे मर्म होय. प्रवेशाचा बोगदा झोपण्याच्या ओट्यापेक्षा खालच्या पातळीवर असतो. थंड हवा जड असल्याने ती खालीच अडकून राहते. ओट्यावर ऊब टिकते. माथ्याजवळचे छिद्र धूर व बाष्प बाहेर सोडते. सीलच्या चरबीवर जळणारा दगडी दिवा, 'कुल्लिक', हा प्रकाश, ऊब, पाणी व अन्न या चौघांचा एकच उगम होता, आणि त्याची देखभाल गृहिणीकडे असे. दिवा पेटल्यावर आतील पृष्ठभाग किंचित वितळून पुन्हा गोठतो व भिंतीस बर्फाचा कठीण लेप चढतो. कोठे कोठे आतून कातड्यांचे अस्तर टांगून भिंत व अस्तर यांमध्ये हवेची पोकळी राखीत. मग भिंत न वितळता आतील ऊब बरीच वाढविता येई. खिडकीस गोड्या पाण्याच्या बर्फाचा स्वच्छ तुकडा असे. पाहुणे आले, मुलाचे लग्न झाले, की आणखी एक घुमट बांधून बोगद्याने मूळ घरास जोडता येई. भांडण झाले की तो सोडताही येई. अनेक घरांचे एकत्रीकरण होऊन नृत्य, ढोलवादन व कुस्ती यांसाठी 'कग्गिक' हे मोठे सामुदायिक गृह उभे राही. नातेसंबंधांचा आलेख हिमात उमटत असे, असे म्हणण्यास हरकत नाही.

आणि हे घर वर्षभराच्या निवासचक्राचा केवळ एक भाग होते. उन्हाळ्यात सील किंवा कॅरिबू यांच्या कातड्यांचा तंबू, 'तुपिक'. शरद ऋतूत दगड व तृणमातीच्या भिंतींवर कातड्याचे छत घातलेला 'कर्माक'. आणि पुरेसा हिम साचला की हिमगृह. मार्सेल मोस याने आंरी बोशा याच्या साह्याने लिहिलेल्या, १९०६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या निबंधात या ऋतुचक्राचा सामाजिक अर्थ उलगडला: हिवाळ्यात समाज एकवटतो, उन्हाळ्यात विखुरतो, आणि घरांचे आकार या लयीस अनुसरतात. मोसचा निष्कर्ष काही तपशिलांत आज टिकणारा नाही. पण घर ही वस्तू नसून कालबद्ध क्रिया आहे ही दृष्टी त्याच्याइतकी स्पष्टपणे पूर्वी कोणी मांडलेली दिसत नाही. दुर्दैवाने विद्वानांच्या या निबंधापेक्षा रॉबर्ट फ्लाहर्टी याच्या १९२२ च्या चित्रपटातील हिमगृह अधिक जणांनी पाहिले. छायाचित्रणास पुरेसा उजेड व जागा मिळावी म्हणून त्या हिमगृहाची एक बाजू उघडी ठेवलेली होती, हे मात्र प्रेक्षकांस ठाऊक नव्हते.

१९५० नंतरच्या दोन दशकांत हे निवासचक्र थांबले. कॅरिबूंची घट व उपासमार, क्षयरोगाचा प्रादुर्भाव, शाळा, व्यापारी ठाणी, १९५४-५७ या काळात उभारलेली रडारकेंद्रांची साखळी, अशा अनेक कारणांनी कुटुंबे स्थिर वसाहतींत आली अथवा आणली गेली. १९५३ मध्ये इनुक्जुआक येथील कुटुंबांना अतिउत्तरेतील ग्रीझ फिओर्ड व रेझोल्यूट येथे हलविण्यात आले; त्याबद्दल कॅनडा सरकारने २०१० साली क्षमा मागितली. वसाहतींच्या कडेने तंबू आणि टाकाऊ फळ्यांचे कर्माक उभे राहिले. ती घरे ओलसर व थंड होती, मुले दगावत होती, आणि अधिकाऱ्यांची चिंता खोटी नव्हती, हे मान्य केलेच पाहिजे. जुन्या निवासपद्धतीचे अवास्तव गोडवे गाणारे लेखन या वस्तुस्थितीकडे डोळेझाक करते.

उपाय म्हणून जे आले ते मात्र चिंतनीय आहे. पन्नाशीच्या दशकाच्या उत्तरार्धात शासनाने फोमच्या ठोकळ्यांचे घुमटही प्रयोगादाखल करून पाहिले: हिमगृहाचा आकार घेतला, त्याचा व्यवहार वगळला. १९५९ च्या कर्जयोजनेतून आलेली एकखोली लाकडी घरे 'काडेपेटी' या नावानेच ओळखली गेली. त्यांची किंमत व इंधनाचा खर्च शिकारी कुटुंबाच्या आवाक्यात नव्हता. १९६५ पासून भाड्याच्या, अधिक खोल्यांच्या घरांची योजना आली. डी. के. थॉमस व सी. टी. थॉम्पसन यांच्या १९७२ च्या अहवालाचे शीर्षकच इन्युइट गृहनिर्माणास 'नियोजित संस्कृतिपरिवर्तन' असे संबोधते. ही घरे दक्षिणेकडील छोट्या कुटुंबाच्या कल्पनेवर बेतलेली होती: निजण्याच्या बंद खोल्या, अरुंद स्वयंपाकघर, रस्त्यालगत एका ओळीत मांडणी. जो मनुष्य कालपर्यंत दीड तासात आपले घर बांधीत होता व सून आली की ते वाढवीत होता, तो आता प्रतीक्षायादीतला भाडेकरू झाला. भिंत हलविण्याचा अधिकार त्याच्याकडे उरला नाही. इन्युइट वास्तुपरंपरेचा जो भंग झाला तो हिम जाऊन लाकूड आल्याने झाला नाही. हाडे जाऊन हिम आले तेव्हा परंपरा अखंडच राहिली होती. कारण तेव्हा निर्णय राहणाऱ्याचा होता.

परिणाम आजही दृष्टीस पडतात. १९९९ च्या एप्रिलमध्ये नुनावुत हा स्वतंत्र प्रदेश अस्तित्वात आला. परंतु २०२१ च्या जनगणनेनुसार कॅनडातील आपल्या मूळ प्रदेशात राहणाऱ्या इन्युइटांपैकी निम्म्याहून अधिक लोक दाटीच्या घरांत राहतात, आणि त्यांच्यातील क्षयाचे प्रमाण कॅनडात जन्मलेल्या इतर, मूलनिवासी नसलेल्या लोकांच्या तुलनेत शेकडो पटींनी अधिक राहिले आहे. घट्ट बंद, कमी वायुवीजनाची, गर्दीची खोली हे या रोगाचे माहेरघर. माथ्यावरचे ते लहानसे छिद्र येथे आठवल्यावाचून राहत नाही.

तेव्हा या परंपरेची आजची उपयुक्तता कोठे शोधावयाची? इनुविक येथील १९६० मधील चर्च आणि इकालुइत येथील कॅथीड्रल (१९७२, २००५ च्या आगीनंतर पुन्हा बांधून २०१२ मध्ये खुले) ही हिमगृहाच्या आकाराची आहेत. ती देखणी व लोकप्रिय आहेत, पण त्यांनी गृहप्रश्नास काही दिले असे म्हणता येणार नाही. अधिक आशादायक प्रयत्न घुमटाविनाच झालेले आहेत. अलास्कातील अनाक्तुवुक पास येथे फेअरबँक्सच्या शीतप्रदेश गृहसंशोधन केंद्राने २००९ मध्ये ग्रामस्थांसह एक नमुना घर बांधले. जुन्या तृणमातीच्या घरांप्रमाणे त्याच्या भिंतींना मातीचा भराव दिला गेला. क्वेबेकच्या उत्तरेस क्वाक्ताक येथे २०१५ मध्ये उभारलेल्या जोडघराचा आराखडा रहिवाशांशी झालेल्या चर्चेतून ठरला.

पुरातत्त्वज्ञ पीटर डॉसन याने अर्वियात येथे शासकीय घरांतील कुटुंबांचा दैनंदिन वावर नोंदविला आहे. आराखड्यात ज्या बैठकीच्या खोलीत सोफा अपेक्षित होता तेथे कुटुंबे जमिनीवर एकत्र बसतात, शिवणकाम करतात, शिकारीचे मांस फाडून वाटतात. सारे घर एकाच खोलीत एकमेकांच्या दृष्टीसमोर असते. भिंती दक्षिणेच्या, पण वापर हिमगृहातील ओट्याचा. आराखडा करणाऱ्यांनी ही जमीन पाहिली असती तर खोल्यांची संख्या कमी करून एक खोली मोठी केली असती, आणि दारापाशी कातडी व शिकारीची साधने ठेवण्यास एक थंड ओसरी दिली असती.