धन्याचा आवाज

ग्रामोफोनच्या कर्ण्यासमोर कान टवकारून बसलेला कुत्रा आपणांपैकीं पुष्कळांनीं तबकडीवर पाहिला असेल. त्या बोधचिन्हाचें नांव इटलींत ‘ला वोचे देल पाद्रोने’, म्हणजे ‘धन्याचा आवाज’, असें होतें. हेंच नांव फ्रांको बात्तियातो ह्या गायकानें १९८१ सालीं आपल्या सात गाण्यांच्या संग्रहास दिलें.

बात्तियातो (१९४५–२०२१) हा सिसिलीचा. विद्युत्-लहरींतून स्वर घडविणारें सिंथेसायझर हें वाद्य तो १९७२ पासून हाताळीत होता. परंतु ते प्रयोग मूठभर रसिकांपुरतेच राहिले. पुढें जुस्तो पिओ ह्या वादकाकडे तो व्हायोलिन शिकावयास गेला, आणि गुरुशिष्य मिळून गाणीं रचूं लागले. ह्या संग्रहाच्या दहा लाखांहून अधिक प्रती खपल्या. इतका खप झालेला हा पहिलाच इटालियन संग्रह मानतात.

नवल हें कीं, गाणीं नाचावयाजोगीं असलीं तरी उथळ नाहींत. एका गाण्यांतील ‘स्थिर गुरुत्वमध्या’ची कल्पना गुर्जिएफ ह्या तत्त्वचिंतकाची आहे. ‘पांढरें निशाण’ ह्या गाण्याचें पालुपद १८४९ सालच्या व्हेनिसच्या पाडावावरील फुजिनातोच्या कवितेंतून आलें आहे. उपासमार व पटकी ह्यांनीं गांजलेल्या नगरीची ती शरणागति बात्तियातोनें आपल्या काळाच्या उथळपणाला लावून दाखविली.

आतां हा संग्रह ‘लॉसलेस’ स्वरूपांत ऐकावयास मिळतो. सीडीवर ध्वनीचीं दर सेकंदास ४४,१०० मापें घेतलेलीं असतात. एमपी-३ पद्धति, कानास जाणवणार नाहीं अशा अंदाजानें, कांहीं भाग कायमचा टाकून देते. २००१ सालीं आलेली फ्लॅक पद्धति मात्र वस्त्राची घडी घालावी तशी मापें आटोपशीर करते. घडी उलगडली कीं एक धागाहि कमी नसतो. सिंथेसायझरच्या रेखीव स्वरांमागें तंतुवाद्यें कशीं उभीं आहेत, हें तेथें निवांतपणें न्याहाळतां येतें.

तरीहि एक विवेक हवा. उत्तम प्रतीच्या एमपी-३ मधील फरक पुष्कळांच्या कानांस कळत नाहीं. शिवाय लॉसलेस म्हणजे मूळाहून सरस नव्हे. चुंबकीय फितीवरून प्रत उतरवितांना आवाज अवास्तव चढविला असेल, तर तो दोषहि निष्ठेनें जपला जातो. म्हणून प्रत कशी उतरविली आहे, हें आधीं पाहावें. चित्रांतील कुत्रा यंत्राकडे पाहत असला, तरी त्याचें लक्ष धन्याच्या आवाजाकडे आहे. रसिकाचेंहि लक्ष तेथेंच असावें.