घाटगे, विजयेंद्र

घाटगे, विजयेंद्र : हिंदी चित्रपट व दूरदर्शन मालिकांतील चरित्र अभिनेते. घराणे कागलचे, आजोळ इंदूरचे. राजर्षी शाहू महाराज कोल्हापूरला दत्तक गेले ते याच कागलकर घाटग्यांतून. आई सीताराजे या इंदूरचे तुकोजीराव होळकर (तिसरे) यांच्या कन्या.  १९२८ मध्ये तुकोजीरावांनी नॅन्सी मिलर या अमेरिकन तरुणीशी लग्न केले. शंकराचार्य डॉ. कुर्तकोटी यांनी तिला हिंदू धर्माची दीक्षा दिली आणि ती शर्मिष्ठादेवी होळकर झाली. सीताराजे या शर्मिष्ठादेवींच्याच पोटच्या, त्यामुळे विजयेंद्रांच्या आजीचे माहेर थेट सिअ‍ॅटलचे.

बासू चॅटर्जी यांच्या ‘चितचोर’ (१९७६) मधील सुनील ही त्यांची आजही आठवणारी भूमिका. मुलीसाठी मुंबईहून इंजिनिअर स्थळ येणार म्हणून एका मास्तरांचे घर तयारीला लागते आणि हाती लागतो ओव्हरसिअर विनोद (अमोल पालेकर). खरा इंजिनिअर सुनील मागाहून येतो, तोवर मुलीचे मन विनोदवर जडलेले असते. सुनील ना खलनायक, ना विदूषक. शेवटी विनोदला परत आणणाराही तोच. अशा पात्राला टाळ्या मिळत नाहीत, पण ते डळमळले तर गोष्टच कोसळते. घाटग्यांनी ते सरळ, रुबाबात, जराही केविलवाणे न होता उभे केले.

पुढे हाच साचा त्यांच्या वाट्याला वारंवार आला. ‘प्रेमरोग’ (१९८२) मध्ये लग्नानंतर लगेच मरण पावणारा नवरा, ‘रझिया सुलतान’ (१९८३) मध्ये अल्तुनिया, ‘देवदास’ (२००२) मध्ये पारोचा बिजवर पती भुवन चौधरी. नायिका ज्याच्या घरी जाते पण ज्याची होत नाही, असा खानदानी पुरुष दाखवायचा तर निर्मात्यांना त्यांचीच आठवण होई. राजघराण्यातला चेहरा भूमिका मिळवून देतो आणि भूमिकांना कुंपणही घालतो.

त्या कुंपणाबाहेरची संधी दूरदर्शनने दिली. फाळणीच्या पार्श्वभूमीवरील ‘बुनियाद’ (१९८६) ही मालिका मनोहर श्याम जोशी यांनी लिहिली. दिग्दर्शन रमेश सिप्पी व ज्योती सरूप यांचे. तीत घाटगे लाला बृजभान झाले. चित्रपटात दहा मिनिटांत आटोपणारा माणूस इथे आठवड्यामागून आठवडे घरोघरी दिसू लागला. त्यांच्या कारकिर्दीचे मोजमाप करायचे तर याच मालिकेवरून करावे.

‘चक दे! इंडिया’ (२००७) मधील अभिनेत्री सागरिका घाटगे ही त्यांची कन्या. सतीश राजवाडे दिग्दर्शित ‘प्रेमाची गोष्ट’ (२०१३) या मराठी चित्रपटात ती अतुल कुलकर्णींची नायिका होती.