गोष्टींची चाकोरी

दिवाळीची सुट्टी लागली, की आमच्या आळीत अंगणोअंगणी मातीचे किल्ले उभे राहतात. जुनी पोती, विटांचे तुकडे, ओढ्याकाठची माती आणि वर पेरलेले अळीव! चार दिवसांत तटाबुरुजांवर हिरवळ लुसलुसू लागते. गेल्या दिवाळीत शेजारच्या पोरांनी सिंहगड केला होता. मला पाहताच त्यांच्यातला म्होरक्या धावत आला. हातात रबराची पाल होती.

"गुरुजी, घोरपड कोणत्या कड्याला चिकटवू?"

मी शाळेत इतिहास शिकवतो आणि फावल्या वेळी कादंबऱ्या लिहितो. "चिकटवूच नकोस," हे उत्तर इतिहासशिक्षकाच्या जिभेवर आले होते. कादंबरीकाराने ते मागे ओढले. या दोघांचे भांडण माझ्या घरी जुनेच आहे. त्याचे मूळ मला उमगले, ते मात्र एका इंग्रज विनोदी लेखकाच्या पुस्तकांतून.

टेरी प्रॅचेट (1948–2015) हे त्याचे नाव. 1983 साली त्याने 'डिस्कवर्ल्ड' नावाचे एक जग रचले आणि 41 कादंबऱ्यांतून ते नांदते ठेवले. हे जग ताटासारखे सपाट. ते चार हत्तींच्या पाठीवर उभे आणि ते हत्ती एका प्रचंड कासवाच्या पाठीवर. दिग्गजांच्या आणि कूर्माच्या कथा ऐकत वाढलेल्या आपल्याला त्यात परके असे काही वाटत नाही. खरी गंमत पुढेच आहे. आपल्या जगाला जसा गुरुत्वाकर्षणाचा नियम, तसा त्या जगाला कथेचा नियम आहे!

1991 च्या 'विचेस अब्रॉड' या कादंबरीत हा नियम उघडपणे मांडला आहे. गोष्ट माणसाने घडवावी, ही आपली समजूत. तिथे गोष्टच माणसाला घडवते. मऊ मातीत गाडीची चाके पुनःपुन्हा जाऊन चाकोरी पडते आणि मग बैलांनी मान कितीही वळवली, तरी गाडी चाकोरी सोडत नाही, तसेच हे. एका नगरीत मोलकरणीसारख्या राबणाऱ्या मुलीचे राजपुत्राशी लग्न लागलेच पाहिजे, कारण गोष्टीत तसे असते. मुलीला तो नवरा नको आहे, पण तिला विचारतो कोण? ग्रॅनी वेदरवॅक्स ही म्हातारी चेटकीण तेवढी गोष्टीच्या आड उभी राहते. माणसांना गोष्टीच्या दावणीला बांधणे तिला साफ नामंजूर आहे. मग बांधणारी तिची सख्खी बहीण का असेना.

पुढे 1999 साली प्रॅचेटने गणिती इयन स्टुअर्ट आणि जीवशास्त्रज्ञ जॅक कोहेन यांच्या साथीने 'द सायन्स ऑफ डिस्कवर्ल्ड' हे पुस्तक लिहिले. त्यात या शक्तीला मूलद्रव्याची पदवी मिळाली: 'नॅरेटिव्हियम'. आपण त्याला कथाद्रव्य म्हणू. तिथले जादूगार आपले गोल जग न्याहाळतात आणि चक्रावून जातात, कारण इथे कथाद्रव्याचा कणही नाही. दगड पडतो, तो कोणत्याही गोष्टीसाठी पडत नाही. 2002 च्या दुसऱ्या भागात या कोड्याचा उलगडा होतो. कथाद्रव्य आपल्या दगडधोंड्यांत नसले, तरी माणसाच्या डोक्यात आहे. माणूस हा गोष्टी सांगणारा वानर आहे, असे हे तिघे म्हणतात.

या दोन पुस्तकांच्या मध्ये, 2001 साली 'थीफ ऑफ टाइम' ही कादंबरी आली. तीत डोंगरातल्या मठात राहणारे इतिहासाचे भिक्षू आहेत. एकदा काळाच्या चिंध्या झाल्या, तेव्हा त्यांनीच त्या जोडून ठिगळे लावली. जिथे काळाची गरज नाही, अशा खोल समुद्रातून तो उपसायचा आणि गजबजलेल्या शहरांना पुरवायचा, हा त्यांचा नित्याचा उद्योग.

वाचकहो, हे वाचताना मी आधी पोटभर हसलो. मग एकाएकी मला सिंहगड आठवला आणि हसू मावळले.

1665 च्या पुरंदरच्या तहात कोंढाणा मोगलांकडे गेला. 4 फेब्रुवारी 1670 च्या रात्री तानाजी मालुसऱ्यांनी तो परत घेतला आणि त्या लढाईत ते पडले. एवढे इतिहासाचे. महाराजांनी "गड आला पण सिंह गेला" असे उद्गार काढले आणि म्हणून गडाचे नाव सिंहगड पडले, हे आपण सारे सांगतो. परंतु 'सिंहगड' हे नाव शिवकालीन पत्रात 1663 सालीच आढळते! म्हणजे तानाजी पडण्याच्या सात वर्षे आधी. सतराव्या शतकाच्या अखेरीस जिंजीला लिहिलेल्या सभासदाच्या बखरीत महाराजांचा शोक आहे, पण तिथे एक गड मिळाला आणि दुसरा गेला, असा भाव आहे. सिंह तिथे नाही, घोरपडही नाही. घोरपड भेटते ती तुळशीदास शाहिराच्या पोवाड्यात. पुढे हरिभाऊ आपट्यांच्या (1864–1919) कादंबरीचे नावच ते उद्गार झाले आणि चाकोरी पक्की झाली.

भिक्षूंनी काळ उपसला, तो तरी ओसाड समुद्रातून. आपल्या गोष्टीने 1663 मधले एक नाव उचलून 1670 मध्ये नेऊन ठेवले. कारण गरज तिथे होती. एवढा मोठा वीर पडावा आणि मागे काहीच बदलू नये, हे आपल्या मनाला सोसवत नाही.

हे मी वर्गात सांगितले, तेव्हा मागच्या बाकावरून आवाज आला, "मग गुरुजी, तानाजीपण खोटा का?" त्या प्रश्नाने मी हादरलो. गोष्टीचा एक चिरा निखळला, की पोरांना सबंध बुरूजच ढासळल्यासारखा वाटतो. म्हणून काही शिक्षक चिऱ्याला हातच लावत नाहीत. त्यांचे भय मला कळते. पण उद्या ते पत्र त्या पोराच्या हाती दुसऱ्या कोणी दिले, तर तो बुरुजाबरोबर गुरुजींनाही खोटे ठरवील. चिरा आपणच काढून दाखवावा, आणि त्याच हाताने खालचा कातळही दाखवावा.

अंगणातल्या म्होरक्याला मी तेच सांगितले. "सभासदाने घोरपड लिहिलेली नाही रे. माणसे वानरासारखी कडा चढून गेली, असे तो सांगतो."

"रात्रीची? नुसत्या हातापायांनी?"

"हो."

तो बराच वेळ मातीच्या कड्याकडे पाहात राहिला. मग त्याने दोन मावळे उचलून कड्याच्या ऐन मध्यावर, उभ्या मातीत रोवले. घोरपड खाली अळिवाच्या रानात सोडून दिली.

"राहू दे तिला तिथेच," तो म्हणाला. "रानात घोरपडी असतातच की!"