सद्वर्तनाची अट : सीमाभागातील सरकारी नोकर, रद्द झालेली शिक्षा आणि निवृत्तिवेतन

बेळगाव, निपाणी, चिकोडी आणि खानापूर या मुलखात सरकारी चाकरीचा मोबदला आयुष्यभर मिळत राहावा ही कल्पना निवृत्तिवेतनाच्या नियमांहून जुनी असून तिचे मूळ वतनात सापडते. गावचे दप्तर सांभाळणाऱ्या कुलकर्ण्याला जमीन आणि हक्क पिढ्यान्‌पिढ्या मिळत. मात्र सरकारची खप्पा मर्जी झाली की वतन अमानतीत, म्हणजे सरकारच्या ताब्यात, जाई. मुंबई राज्याच्या कायद्याने 1 मे 1951 पासून परगणा व कुलकर्णी वतने संपली आणि दप्तर पगारी तलाठ्याच्या हाती आले. वतनाची जमीन गेली, तिच्या जागी म्हातारपणाचा आधार म्हणून निवृत्तिवेतन उरले.

1 नोव्हेंबर 1956 रोजी चंदगड तालुका वगळून बेळगाव जिल्हा म्हैसूर (आजच्या कर्नाटक) राज्यात गेला, तेव्हा येथील मराठी नोकरवर्गाचे राज्य बदलले आणि पुढे कचेरीची भाषाही बदलली. राज्य पुनर्रचना कायद्याच्या कलम 115 ने अशा नोकरांच्या सेवाशर्ती केंद्राच्या पूर्वमान्यतेवाचून त्यांना तोट्याच्या होतील अशा बदलू नयेत, असे संरक्षण दिले. एक गोष्ट मात्र दोन्ही राज्यांत सारखीच होती. मुंबईच्या सेवानियमांतील नियम 188 व 189 आणि म्हैसूरच्या 1958 च्या सेवानियमांतील नियम 214 यांनी निवृत्तिवेतन रोखण्याचा अधिकार सरकारकडे ठेवला होता, आणि त्यामागे सद्वर्तन ही निवृत्तिवेतनाची अध्याहृत, म्हणजे न लिहिताही गृहीत धरलेली, अट आहे ही ब्रिटिश अमदानीतील समजूत होती.

या अटीचा फटका लाचेच्या सापळ्यात सापडलेल्यांनाही बसतो. नोटांना फिनॉल्फ्थॅलीनची पूड लावलेली असते. त्या हाताळणाऱ्याची बोटे सोड्याच्या द्रावणात बुडवली की पाणी गुलाबी होते आणि ते बाटलीत मोहोरबंद करून पुराव्यात ठेवले जाते. परंतु गुलाबी पाण्याने नोटेचा स्पर्श सिद्ध होतो, मागणी सिद्ध होत नाही, आणि मागणीच्या पुराव्यावाचून दोष टिकत नाही. म्हणूनच खालच्या न्यायालयाची शिक्षा अपिलात रद्द झाल्याची उदाहरणे पुष्कळ आहेत. तोवर संविधानाच्या अनुच्छेद 311(2) मधील अपवादानुसार, शिक्षेच्या आधारे, वेगळी चौकशी न करता बडतर्फी झालेली असते, आणि बडतर्फाची मागची सारी सेवा निवृत्तिवेतनासाठी बुडते.

सर्वोच्च न्यायालयाने 1971 मध्ये देवकीनंदन प्रसाद खटल्यात निवृत्तिवेतन ही मालमत्ता ठरवली आणि 17 डिसेंबर 1982 च्या नाकारा खटल्याच्या निकालात ती सरकारची बक्षिसी नव्हे, केलेल्या सेवेची कमाई आहे, असे स्पष्ट केले. नागूर मीरा खटल्यात 1995 मध्ये न्यायालयाने म्हटले की अपील प्रलंबित असतानाही बडतर्फी करता येते, पण पुढे शिक्षा रद्द झाल्यास तो आदेश बदलता येतो आणि कामावर परत घेतलेल्यास सेवेत राहिला असता तर मिळाले असते ते सर्व लाभ द्यावे लागतात. त्याच्या पुढच्याच वर्षी, ठाकोर खटल्यात, पुनःस्थापना आणि सेवेचे सातत्य मान्य करूनही मागचा पगार नाकारण्यात आला. निवृत्तीचे वय उलटल्यावर निर्दोष ठरलेल्या माणसाला कामावर परत घेता येत नाही; म्हणून सेवेचे सातत्य हेच त्याच्या निवृत्तिवेतनाचे खरे बळ. एवढे असूनही बडतर्फीचा आदेश निकालाबरोबर आपोआप गळून पडत नाही, आणि तो मागे घेण्यासाठी अर्जविनंत्या त्याच माणसाने कराव्यात, हे अन्याय्य आहे. शिक्षेची प्रत मिळताच बडतर्फी करणाऱ्या खात्याने निर्दोषत्वाची प्रत मिळताच आपण होऊन फेरविचार केला पाहिजे.

सीमाभागाच्या वाट्याला याखेरीज अंतराचा जाच आला. 4 जुलै 2008 रोजी धारवाडला कर्नाटक उच्च न्यायालयाचे फिरते खंडपीठ सुरू होईपर्यंत निपाणीच्या माणसाला, कोल्हापूर हाकेच्या अंतरावर असूनही, अपिलासाठी पाचशे किलोमीटरहून दूर बेंगळुरू गाठावे लागे. खंडपीठ 2013 मध्ये कायम झाले. अंतराच्या जोडीला काळाचाही जाच असतो : अपील चालू असताना आरोपी मरण पावला तर अपील संपते आणि शिक्षा तशीच राहते. ते पुढे चालवायचे तर कायद्यानुसार (2024 पर्यंत 1973 च्या फौजदारी प्रक्रिया संहितेचे कलम 394) पत्नी, मुले, आईवडील किंवा भावंडे यांनी मृत्यूपासून तीस दिवसांत न्यायालयाची परवानगी मागावी लागते. तेरावे उरकेपर्यंत त्यांतले सतराच दिवस हाती उरतात.