कपाटातल्या फिती

संगणकाच्या लायब्ररीत पुस्तकं नसतात, हे मला नातवाकडून कळलं. पण सुरुवातीच्या एका लायब्ररीला खरोखरच पोलादी कपाट होतं! केंब्रिजचा एडसॅक संगणक मे १९४९ मध्ये चालू झाला. वर्गमूळ काढण्यासारख्या नेहमीच्या कामांच्या आज्ञा कागदी फितींवर भोकं पाडून ठेवलेल्या असत. ज्याला हवी त्याने नक्कल करून आपल्या फितीत घालावी. एकदा तपासलेली फीत सगळ्यांना चाले. तीत चूक राहिली, तर तीही सगळ्यांकडे जाणार. मला मात्र जास्त आवडल्या त्या तपासणीच्या फिती. तुमचा प्रोग्रॅम त्या एकेक आज्ञा करत चालवत आणि आज्ञेचं अक्षर छापत जात. वहीतल्या पायऱ्या पाहिल्याशिवाय मास्तरला चूक सापडते का? तसंच हे. स्टॅन्ली गिल यांनी या पद्धतीवर १९५१ मध्ये लेख लिहिला.