‘टारझन’ या नामाचे स्थलांतर

एडगर राइस बरोज या अमेरिकी लेखकाची टारझनकथा १९१२ मध्ये मासिकातून व १९१४ मध्ये ग्रंथरूपाने प्रसिद्ध झाली. या कथेत भाषेला मोठे स्थान आहे. वानरांच्या कल्पित भाषेत ‘टारझन’ म्हणजे ‘गोरी कातडी’. मृत मातापित्यांच्या झोपडीतील पुस्तकांवरून नायक इंग्रजी वाचावयास व लिहावयास आपणहून शिकतो. बोलावयास मात्र तो प्रथम शिकतो फ्रेंच. कल्पना विलक्षण खरी, तथापि तिच्या मुळाशी वंशाभिमान आहे. उमरावाचे रक्त अरण्यातही अक्षरापर्यंत पोहोचते, असे तीत सूचित होते.

१९३२ च्या अमेरिकी बोलपटात जॉनी वाइसमुलरचा नायक निरक्षर झाला. तुटक शब्दांवर त्याचे भागू लागले. पुढे मुंबईत वाडिया मूव्हीटोनने १९३७ मध्ये ‘तूफानी टारझन’ काढला. दिग्दर्शक होमी वाडिया, नायक जॉन कावस. येथे नायक भारतीय शास्त्रज्ञाचा पुत्र आहे. साहजिकच नावाचा मूळ अर्थ गळून पडला व केवळ ध्वनी उरला. त्यामागे ‘तूफानी’ हे हिंदुस्तानी विशेषण निर्वेधपणे जोडता आले. नकळत का होईना, कथेतील वर्णाभिमान या रूपांतराने पुसून टाकला, हे त्याचे श्रेय मान्य केले पाहिजे.

होमी वाडियांच्याच ‘झिंबो’त (१९५८) तो ध्वनीही बदलला, पण प्रेक्षकांना नायकाची जात ओळखण्यास अडचण पडली नाही. १९६५ मध्ये दारासिंगचा ‘टारझन कम्स टू डेल्ही’ आला. तोपर्यंत विशेषनामाचे जवळजवळ सामान्यनाम झाले होते.

या परंपरेची दुसरी बाजू बब्बर सुभाष यांच्या १९८५ च्या ‘ॲडव्हेंचर्स ऑफ टारझन’मध्ये दिसते. हेमंत बिर्जे व किमी काटकर यांच्या या चित्रपटात अरण्य हे मुख्यतः अंगप्रदर्शनाचे निमित्त ठरले. नायकाचे मौन हा कथेतील प्रश्न राहिला नाही. संवादांची जागा देहाने घेतली.

अशा चित्रपटांना केवळ सवंग म्हणून बाजूस सारणे सोपे आहे. परंतु त्यांनी एका परकीय नावातील वंशाचा दर्प काढून टाकला आणि त्याच ओघात, माणूस भाषा कशी मिळवतो, हा त्या कथेतील मोलाचा प्रश्नही गमावला. रूपांतराचा इतिहास लिहिताना या दोन्ही नोंदी शेजारी शेजारी ठेवणे अगत्याचे आहे.